गॅसचा दर, कंपनीची वही आणि कोर्टाची हद्द : होप नॅचरल गॅस प्रकरण (१९४४)

नियामक आयोगाने ठरवलेला दर कोर्टात कशावर टिकतो आणि कशावर पडतो, हे समजून घ्यायचे तर अमेरिकेतले होप प्रकरण आकड्यांसकट वाचावे लागते. या निकालातले एकच सूत्र सगळीकडे उद्धृत होते: कायद्याच्या दृष्टीने महत्त्व हिशेबाच्या पद्धतीला नाही, दराच्या अंतिम परिणामाला आहे. सूत्र खरे आहे. पण तेवढ्यावर थांबले की वाटते, कोर्टाने हिशेबाकडे पाहिलेच नाही आणि आयोगाला मोकळे रान दिले. होप कंपनी हरली ती स्वतःच्या वहीतल्या नोंदींपायी, आणि परिणामाची कसोटी लावता आली तीही आयोगाने आकड्यांची भक्कम नोंद उभी केली होती म्हणूनच.

कंपनी आणि तक्रार

होप नॅचरल गॅस ही १८९८ साली वेस्ट व्हर्जिनियात स्थापन झालेली, स्टँडर्ड ऑइल (न्यू जर्सी) या बलाढ्य कंपनीच्या पूर्ण मालकीची कंपनी. लागणाऱ्या गॅसपैकी सुमारे एक तृतीयांश ती स्वतःच्या विहिरींतून काढायची, उरलेला सुमारे ३०० करारांखाली विकत घ्यायची. थोडा गॅस राज्यातच खपत असे. मोठा हिस्सा राज्याच्या सीमेवर पाच वितरण कंपन्यांच्या ताब्यात जाई आणि त्या तो ओहायो व पेनसिल्व्हेनियातल्या घरांना आणि कारखान्यांना पोचवत. या पाचांपैकी ईस्ट ओहायो गॅस, पीपल्स नॅचरल गॅस आणि रिव्हर गॅस या तीन कंपन्या स्टँडर्ड ऑइलच्याच. फेयेट काउंटी गॅस आणि मॅन्युफॅक्चरर्स लाइट अँड हीट या दोन बाहेरच्या.

म्हणजे विकणारा आणि मोठे घेणारे एकाच घरातले. घाऊक दर चढा ठेवला की नफा होपच्या वहीत साठतो आणि ईस्ट ओहायोच्या वहीत तोच आकडा ‘गॅस खरेदी’ या खर्चाच्या सदरात दिसतो. क्लीव्हलंड शहराने किंवा ओहायोच्या आयोगाने किरकोळ दर कितीही कसून तपासला, तरी सर्वांत मोठा खर्च त्यांच्या हाताबाहेर होता. कारण आंतरराज्य घाऊक गॅसविक्रीवर राज्यांचा अधिकार चालत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९२४ मध्येच ठरवले होते. ही पोकळी भरायला २१ जून १९३८ रोजी नॅचरल गॅस ॲक्ट आला आणि घाऊक दराचे नियमन फेडरल पॉवर कमिशन या केंद्रीय आयोगाकडे (पुढे नुसते ‘आयोग’) गेले. जुलै १९३८ मध्ये, कायदा जेमतेम अंमलात आला असताना, क्लीव्हलंड आणि ॲक्रन या शहरांनी तक्रार दाखल केली: ईस्ट ओहायोकडून होप घेते तो दर अवाजवी आहे. त्याच वर्षी आयोगाने होपच्या सगळ्या आंतरराज्य दरांची स्वतःहून चौकशी सुरू केली. मार्च १९३९ मध्ये पेनसिल्व्हेनियाचा आयोगही तक्रार घेऊन आला. तिन्ही प्रकरणे एकत्र चालली.

कायद्यातली चार कलमे ध्यानात ठेवली की पुढचे सगळे समजते. कलम ४ : दर ‘न्याय्य आणि वाजवी’ असलाच पाहिजे. कलम ५ : तसा नसेल तर सुनावणी घेऊन आयोग तो ठरवेल. कलम ६ : मालमत्तेवर प्रत्यक्ष झालेला रास्त खर्च आयोग तपासू शकेल. कलम १९ : ज्याला आदेश मान्य नाही त्याने ३० दिवसांत आयोगाकडेच फेरसुनावणी मागायची, ती फेटाळल्यावर ६० दिवसांत फेडरल अपील न्यायालयात जायचे, आणि भरीव पुराव्यावर आधारलेले आयोगाचे तथ्यविषयक निष्कर्ष कोर्टाने अंतिम मानायचे. ‘न्याय्य आणि वाजवी’ म्हणजे किती, याचे कोणतेही सूत्र कायद्यात नाही. खटला उभा राहिला तो नेमका या मोकळ्या जागेत.

२६ मे १९४२ चा आदेश, ओळीने

दर ठरवण्याची रीत आजही तीच आहे. आधी सेवेसाठी लावलेल्या मालमत्तेची रक्कम ठरवायची. तिला रेट बेस म्हणतात. त्यावर परताव्याचा टक्का लावायचा. त्यात चालू खर्च, घसारा आणि कर मिळवले की कंपनीला वर्षाला किती महसूल लागतो ते निघते. होपच्या आंतरराज्य धंद्यासाठी आयोगाने मांडलेला रेट बेस असा:

मालमत्तेवर प्रत्यक्ष झालेला रास्त खर्च : ५,१९,५७,४१६ डॉलर
वजा साचलेला घसारा आणि साठ्याची घट : २,२३,२८,०१६ डॉलर
अधिक येत्या काळातली निव्वळ भांडवली भर : १३,९२,०२१ डॉलर
अधिक न वापरलेले पण उपयुक्त गॅसक्षेत्र : ५,६६,१०५ डॉलर
अधिक खेळते भांडवल : २१,२५,००० डॉलर
एकूण : ३,३७,१२,५२६ डॉलर

यावर परतावा साडेसहा टक्के, म्हणजे वर्षाला २१,९१,३१४ डॉलर. खर्चासाठी १९४० हे आधारवर्ष धरले. वार्षिक चालू खर्च म्हणून १ कोटी ६० लाखांहून अधिक रक्कम मान्य झाली. त्यात विकत घेतलेल्या गॅसचे सुमारे ८५ लाख, घसारा व साठ्याच्या घटीचे १४ लाख ६० हजार, करांचे १३ लाख, नव्या विहिरींच्या शोधाचे ६ लाख. आधारवर्ष मागचे आणि दर पुढचा, ही अडचण आयोगाने ओळखली होती. म्हणून मजुरी, मालमत्ता कर आणि शोधखर्च वाढणार हे धरून १९४० च्या खर्चावर ४,२१,१६० डॉलरची निव्वळ वाढ दिली. ही तरतूद नसती तर कंपनीला कोर्टात खरोखर धरायला जागा मिळाली असती. शिळ्या आधारवर्षावर बेतलेला आदेश पहिल्याच महागाईत उघडा पडतो.

कंपनीचे चालू उत्पन्न किमान ५८,०१,१७१ डॉलर निघाले. त्यातून २१,९१,३१४ वजा केले की उरतात ३६,०९,८५७. एवढा महसूल वर्षाला कमी करा, असा आदेश झाला. निव्वळ उत्पन्नातले सुमारे ६२ टक्के एका फटक्यात गेले. दराच्या भाषेत सांगायचे तर हजार घनफुटाला (सुमारे २८.३ घनमीटर) ईस्ट ओहायोचा दर ३६.५ सेंटवरून किमान ७ सेंटने उतरला, पीपल्सचा ३५.५ वरून तेवढाच, आणि बाहेरच्या दोन कंपन्यांचा ३१.५ वरून ३ सेंटने. घरातल्या कंपन्यांना जास्त दर आणि बाहेरच्यांना कमी, हे इथे उघड दिसते.

कंपनीची मागणी काय होती? तीच मालमत्ता आज नव्याने उभारायची तर ९ कोटी ७० लाख डॉलर लागतील, असा एक अंदाज. दुसरा त्याहून वरचा, १० कोटी ५० लाखांच्या पुढचा: १८९८ पासून टप्प्याटप्प्याने झालेले सगळे बांधकाम १९३८ च्या माल-मजुरीच्या भावाने झाले असते तर मूळ खर्च किती झाला असता, ही कल्पना. पुनर्बांधणीच्या आकड्यातून सुमारे ३५ टक्के घसारा वजा करून होपने ६ कोटी ६० लाखांचा रेट बेस मागितला, आणि वर किमान ८ टक्के परतावा. आयोगाने पुनर्बांधणी खर्च निव्वळ तर्काचा म्हणून बाजूला ठेवला. दुसऱ्या अंदाजाला तर वस्तुस्थितीचा आधारच नाही म्हणून काहीही वजन दिले नाही.

खरा वाद कुठे होता हे गुणाकार करून पाहावे. परतावा साडेसहाऐवजी आठ टक्के दिला असता तर आयोगाच्या रेट बेसवर वर्षाला सुमारे ५ लाख ५ हजार डॉलर वाढले असते. परतावा साडेसहाच ठेवून रेट बेस ६ कोटी ६० लाख केला असता तर सुमारे २१ लाख डॉलर वाढले असते. चौपटीहून जास्त फरक. दरांच्या सुनावणीत वर्तमानपत्रांचे लक्ष टक्क्याकडे असते. मुरलेले वकील रेट बेसच्या एकेका ओळीपाशी तळ ठोकून बसतात ते यासाठी.

१ कोटी ७० लाखांची नोंद

सर्वांत शिकण्यासारखी ओळ या तक्त्यात नाहीच; ती वगळलेली आहे. होपने सुमारे १ कोटी ७० लाख डॉलरचा आणखी खर्च रेट बेसमध्ये धरायला सांगितला होता. त्यातला मोठा भाग १९२३ पूर्वी विहिरी खोदायला आलेला खर्च, बाकी त्याच्याशी जोडलेले वरकड खर्च वगैरे. विहिरी खरोखर खोदल्या गेल्या होत्या, पैसा खरोखर गेला होता, यावर वाद नव्हता. अडचण अशी की तेव्हा कंपनीने ती रक्कम भांडवली खर्चात न दाखवता त्या त्या वर्षीच्या महसुली खर्चात टाकली होती. म्हणजे त्या वर्षांच्या विक्रीतून ती वळती झाली, आणि तरीही कंपनी भरघोस नफ्यात होती. नियमन आल्यावर तीच रक्कम आता ‘मालमत्ता’ म्हणून पुढे करायची, तिच्यावर दरसाल परतावा घ्यायचा आणि वर घसाराही वसूल करायचा. घरमालकाने छताच्या दुरुस्तीचा खर्च त्याच वर्षी भाडेकरूंकडून काढून घ्यावा आणि वीस वर्षांनी तोच खर्च घराच्या किमतीत धरून भाडे वाढवून मागावे, तसा हा प्रकार. साडेसहा टक्क्यांनी १ कोटी ७० लाखांवरचा परतावा, घसारा न वजा करता, वर्षाला ११ लाख डॉलर होतो. आयोगाने एकाच खर्चाचा बोजा ग्राहकावर अनेकदा टाकायला नकार दिला.

कंपनीची बाजू अगदीच पोकळ नव्हती. १९३८ पूर्वी होपचे आंतरराज्य घाऊक दर कोणी ठरवत नव्हते. मग ‘ग्राहकाने तो खर्च भरला’ असे म्हणायचे कशाच्या आधारे? नोंद करण्याची ती पद्धत तेव्हा रूढ होती. पुढे नियामक येणार हे धरून कोणी वही लिहीत नाही. शिवाय कायद्यात शब्द आहे ‘प्रत्यक्ष रास्त खर्च’, आणि हा खर्च प्रत्यक्ष झालाच होता. आमच्या मते आयोगाचा निर्णय तरीही बरोबर होता. गुंतवणूकदाराचे संरक्षण म्हणजे त्याने घातलेला आणि अजून परत न मिळालेला पैसा सुरक्षित ठेवणे. विक्रीतून परत आलेला पैसा त्या व्याख्येत बसत नाही, मग तेव्हा नियामक असो वा नसो.

महाराष्ट्रातल्या वीजदराच्या सुनावण्यांना बसणाऱ्यांना हे ओळखीचे वाटेल. ग्राहकाच्या पैशातून किंवा अनुदानातून उभारलेल्या वाहिन्यांवर आणि रोहित्रांवर कंपनीला भागभांडवलावरचा परतावा व घसारा मिळत नाही, या राज्य वीज नियामक आयोगाच्या नियमामागे हाच विचार आहे. आक्षेप घेणाऱ्याने आधी एवढेच पाहायचे: ही मालमत्ता कोणाच्या पैशाने उभी राहिली, आणि तो पैसा आधी कुठल्या सदरातून वसूल झाला आहे का.

घसाऱ्याची कहाणीही त्याच वळणाची. आयोगाने गरजेपुरता घसारा निधी २ कोटी २३ लाखांचा धरला. १९३८ अखेर कंपनीच्या स्वतःच्या वहीत मात्र त्याहून सुमारे १ कोटी ८० लाख जास्त जमा होते. शिवाय पूर्वी दोनदा मिळून ७५ लाख डॉलर घसारा निधीतून उचलून शिल्लक नफ्यात वळवले होते. दोन्ही मिळून २ कोटी ५५ लाख. मालमत्तेची झीज भरून काढायला लागले त्यापेक्षा एवढे जास्त ग्राहकांकडून घेतले गेले, असा आयोगाचा निष्कर्ष. आयोगाने तो ज्यादा निधी रेट बेसमधून कापला मात्र नाही. स्वतः काढलेला कमी आकडाच वजा केला. कोर्टात हे फार उपयोगी पडले. आयोग सूड घेत नाही, हे नोंदीवरूनच दिसत होते.

अपील न्यायालय मागे वळले

चौथ्या सर्किटच्या (विभागाच्या) फेडरल अपील न्यायालयाने १९४३ मध्ये एका न्यायाधीशाच्या विरोधी मतासह आदेश रद्द केला. त्यांचे म्हणणे: रेट बेसमध्ये मालमत्तेचे आजचे ‘वाजवी मूल्य’ उमटले पाहिजे; पुनर्बांधणी खर्च आणि भाववाढीचा अंदाज विचारात घ्यायला हवा होता; विहिरींचे १ कोटी ७० लाख धरायला हवे होते; घसाराही आजच्या मूल्यावर काढायला हवा होता.

हा विचार आला होता १८९८ च्या स्मिथ विरुद्ध एम्स या निकालातून. नेब्रास्काने ठरवलेल्या रेल्वेभाड्यांच्या त्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मालमत्तेचे वाजवी मूल्य हा आधार मानला आणि ते काढताना मूळ खर्च, आजचा बांधकाम खर्च, रोख्यांचा व शेअर्सचा बाजारभाव, कमाईची शक्यता अशी बाबींची लांबलचक यादी दिली. कोणत्या बाबीला किती वजन द्यायचे, हे मात्र सांगितले नाही. त्या काळात भाव पडलेले होते, म्हणून आजच्या बांधकाम खर्चाचा आग्रह राज्याचा होता. पहिल्या महायुद्धानंतर भाव चढले आणि तोच आग्रह कंपन्यांनी उचलला. परिणाम असा की प्रत्येक सुनावणीत दोन्हीकडचे अभियंते काल्पनिक कारखाने कागदावर बांधत बसत आणि वर्षानुवर्षे दर ठरत नसे. मार्च १९४२ मध्ये नॅचरल गॅस पाइपलाइन कंपनीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगून टाकले की राज्यघटना आयोगाला कोणत्याही एका सूत्राला बांधत नाही. होपवरचा आदेश त्यानंतर काही आठवड्यांतच निघाला. तरी अपील न्यायालय जुन्याच वाटेने गेले.

सर्वोच्च न्यायालयात

निकाल पाच विरुद्ध तीन असा लागला. बहुमताचा निकाल न्यायमूर्ती विल्यम डग्लस यांनी लिहिला. रीड, फ्रँकफर्टर आणि जॅक्सन यांची मते विरोधी आणि तिघांचीही वेगवेगळी. रॉबर्ट्स यांनी भाग घेतला नाही.

डग्लस यांचा पहिला घाव वाजवी मूल्याच्या मुळावर आहे. चालत्या धंद्याचे मूल्य त्याच्या कमाईवर ठरते आणि नियमन केलेल्या धंद्याची कमाई दरावर ठरते. मग मूल्यावरून दर कसा काढणार? साधे आकडे घेऊ. कंपनी वर्षाला १०० कमावते आणि बाजार ८ टक्क्यांची अपेक्षा धरतो, तर तिचे मूल्य १,२५०. त्यावर ८ टक्के दिले की पुन्हा १००. आता दर कापून कमाई ८० केली तर मूल्य १,००० होते आणि त्यावरचे ८ टक्के बरोबर ८०. प्रत्येक दर स्वतःलाच वाजवी ठरवतो. मूल्य हा दरनिश्चितीचा शेवट आहे, सुरुवात नव्हे, हे निकालातले म्हणणे यापुढे वेगळे सिद्ध करायची गरज उरत नाही.

मग कोर्टाने तपासायचे काय? ‘न्याय्य आणि वाजवी’ या शब्दांखाली पाहायचा तो दराचा परिणाम. आदेशाचा एकूण परिणाम अन्यायकारक म्हणता येत नसेल तर कोर्टाची चौकशी तिथेच संपते. पद्धतीत दोष असले तरी. आदेश हा तज्ज्ञांच्या निर्णयातून आलेला असल्याने तो वैध आहे असे गृहीत धरायचे, आणि तो उलथवू पाहणाऱ्याने त्याचे परिणाम अन्यायकारक आहेत हे पटेल असे दाखवून द्यायचे. परिणाम मोजण्याचे मापही दिले आहे. चालू खर्च भागून कर्जाचे हप्ते आणि भागधारकांचा लाभांश निघाला पाहिजे. तेवढाच धोका असलेल्या इतर धंद्यांत मिळतो त्या तोडीचा परतावा भागधारकाला मिळाला पाहिजे. कंपनीच्या आर्थिक स्थैर्यावर विश्वास राहून तिची पत टिकली पाहिजे आणि नवे भांडवल मिळवता आले पाहिजे.

आता हे माप होपला लावले ते पाहा. आयोगाच्या नोंदीत होते: चांगल्या गॅस कंपन्यांच्या रोख्यांवर अलीकडे मिळणारे व्याज तीन टक्क्यांच्या आसपास, होप मुरलेला धंदा, भगिनी कंपन्यांमार्फत दाट वस्तीच्या, औद्योगिक भागात हक्काची बाजारपेठ, हिवाळ्यातले काही कमाल मागणीचे दिवस सोडले तर गॅसचा पुरवठा जवळच. सर्वांत बोलका आकडा मात्र कंपनीच्याच मागणीतून निघाला. ६ कोटी ६० लाखांचा रेट बेस खरा मानला तर १९३७ ते १९४० या चार वर्षांत होपचा सरासरी परतावा ३.२७ टक्केच पडतो. प्रत्यक्षात त्याच काळात तिने सरासरी गुंतवणुकीवर सुमारे ९ टक्के कमावले, दरवाढ एकदाही मागितली नाही, आणि मालमत्ता उत्तम राखली. सव्वातीन टक्क्यांवर कुरबुर न करता चार वर्षे चालणारी कंपनी नसते. फुगलेला होता तो रेट बेस. उलटतपासणीत कोणत्याही फुगवलेल्या आकड्याला लावावी अशी ही कसोटी आहे: तुमचा आकडा खरा असता तर तुम्ही आतापर्यंत काय केले असते?

घसारा मूळ खर्चावर काढण्यालाही कोर्टाने मान्यता दिली आणि तो आजच्या मूल्यावर हवा असे सांगणारा १९३० चा निकाल मागे पडला. विहिरींच्या रकमेबाबत कोर्टाने स्वतः वहीखात्याचा निवाडा केला नाही. ती वगळूनही एकूण परिणाम वाजवी आहे, एवढे पुरेसे ठरले.

दोन बाजूच्या प्रश्नांची नोंद करायला हवी. क्लीव्हलंडच्या विनंतीवरून आयोगाने जुन्या दरांबद्दलही निष्कर्ष काढले होते: १९३९ च्या उत्तरार्धात ८,३०,८९२ डॉलर, १९४० मध्ये ३२,१९,५५१, आणि त्यानंतर वार्षिक २८,१५,७८९ डॉलर जादा घेतले गेले. पैसे परत करायला लावण्याचा अधिकार कायद्यात नव्हता. राज्याच्या सुनावणीत वापरता यावेत म्हणून हे निष्कर्ष होते. सर्वोच्च न्यायालय म्हणाले की याने कोणावर काही बंधन येत नाही, त्यामुळे या टप्प्यावर त्याचे न्यायिक पुनर्विलोकनही होत नाही. दुसरा प्रश्न वेस्ट व्हर्जिनियाचा. दर पडला की आपल्या राज्याचा कर, जमीनमालकांचे स्वामित्वशुल्क आणि साठ्याचे जतन यांना फटका बसेल, असे राज्याचे म्हणणे होते. कोर्टाने कायद्याचा मुख्य हेतू ग्राहकाचे संरक्षण हाच धरला. जिथून गॅस निघतो त्या मुलखाची तक्रार अशी मागे राहिली, आणि ती रास्त तक्रार होती असे आम्हाला वाटते. निदान साठ्याच्या जतनाच्या मुद्द्यावर.

जॅक्सन यांचे मत

विरोधी मतांपैकी जॅक्सन यांचे मत वाचलेच पाहिजे. त्यांना जुने वाजवी मूल्य नको होते, पण रेट बेसही नको होता. निदान गॅस काढण्याच्या कामाला तरी. रेल्वे किंवा पाइपलाइन यांत पैसा किती घातला आणि सेवा किती मिळते यांचा काही मेळ असतो. विहिरीत तो नसतो. नशिबाने स्वस्तात मोठा साठा लागला तर रेट बेस चिमुकला आणि गॅस जवळपास फुकट. कोरड्या विहिरींवर पैसा घालवला तर रेट बेस मोठा आणि गॅस महाग. मग संपत जाणाऱ्या वस्तूचा दर तिच्या उपयोगावरून आणि टंचाईवरून न ठरता खोदणाऱ्याच्या नशिबावरून ठरतो. दुसरा आक्षेप त्याहून मूलभूत: ‘परिणाम वाजवी आहे’ हे कोर्टाला कळणार कसे? दरांतले वाजवी-अवाजवी ओळखण्याचे काही अंगभूत ज्ञान आपल्यापाशी नाही, असे त्यांनी मोकळेपणाने लिहिले आहे.

पहिला आक्षेप काळाने खरा ठरवला. विहिरींपाशी विकल्या जाणाऱ्या गॅसचे दर कंपनीगणिक रेट बेस काढून ठरवणे पुढे अशक्य झाले. साठच्या दशकात आयोग क्षेत्रवार दरांकडे वळला आणि १९६८ च्या पर्मियन बेसिन निकालात सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केले. त्याच निकालाने दुसऱ्या आक्षेपालाही थोडे उत्तर दिले. कोर्टाने आता तीन गोष्टी पाहायच्या: आयोगाने अधिकार ओलांडला किंवा त्याचा गैरवापर केला का, आदेशाच्या प्रत्येक आवश्यक घटकाला भरीव पुरावा आहे का, आणि कंपनीचे स्थैर्य, भांडवल मिळण्याची शक्यता आणि धोक्याचा मोबदला राखून ग्राहकाचे हितही सांभाळले आहे का. म्हणजे पद्धत पुन्हा तपासात आली, पण पुराव्याच्या दारातून. नंतर १९८९ मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या ड्यूकेन लाइट कंपनीने, रद्द केलेल्या नियोजित अणुप्रकल्पांचा खर्च दरात न धरणे घटनाबाह्य आहे, असा दावा केला तेव्हा होपचीच कसोटी लागली: एकूण परिणामात कंपनी बुडते का? नाही, दावा फेटाळला.

अशा खटल्यांत कंपन्या हरतात त्याची कारणे फारशी बदललेली नाहीत. याचिकेत पद्धतीतले दोष एकामागून एक मांडलेले असतात, पण त्यामुळे रोख्यांचे व्याज भागत नाही, पतमानांकन घसरले, भांडवल उभे राहिले नाही, असा एकही पुरावा आयोगासमोर दाखल केलेला नसतो. फेरसुनावणीच्या अर्जात न घेतलेला मुद्दा कोर्टात घेता येत नाही, हेही विसरले जाते. आयोग हरतो तो बहुधा उलट कारणाने: आकडा योग्य असेलही, पण तो कुठून आला हे आदेशात लिहिलेले नसते.

भारतात

आपल्याकडे कोर्टांचा सूर होपच्या जवळचा आहे. औषधांच्या किमतींवरच्या १९८७ च्या सायनामाइड निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की किंमत ठरवणे हे कोर्टाचे कामही नाही आणि त्याची खुबीही नाही. वीजदराच्या आदेशावर ४५ दिवसांत विद्युत अपिलीय न्यायाधिकरणाकडे जाता येते. तिथे तांत्रिक सदस्य बसतात आणि हिशेब खोलात तपासला जातो. सर्वोच्च न्यायालयात पुढे फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न चालतो.

शहरी गॅसवाहिन्यांच्या बाबतीत मात्र गाडी हिशेबापर्यंत पोचलीच नाही. ९ एप्रिल २०१२ रोजी पेट्रोलियम व नैसर्गिक वायू नियामक मंडळाने दिल्लीच्या इंद्रप्रस्थ गॅसचा वाहिनी दर एमएमबीटीयूला (दहा लाख ब्रिटिश थर्मल युनिट, गॅसमधली उष्णता मोजण्याचे एकक) ३८.५८ रुपये आणि सीएनजी दाबून भरण्याचा आकार किलोला २.७५ रुपये ठरवला. कंपनीने मागितले होते १०४.०५ आणि ६.६६ रुपये. आदेश १ एप्रिल २००८ पासून मागे लागू होणारा होता. कंपनी ‘हा हिशेब चुकीचा आहे’ एवढ्यावर थांबली नाही. ‘२००६ च्या कायद्याखाली मंडळाला हा अधिकारच नाही’ म्हणत उच्च न्यायालयात गेली. १ जून २०१२ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने ते मान्य केले आणि १ जुलै २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मंडळाचे अपील फेटाळले. स्वतःच्या ग्राहकाला थेट गॅस विकणाऱ्या वितरकाचे दर ठरवण्याचा अधिकार कायद्याने मंडळाला दिलेला नाही, असा तो निकाल. रेट बेस किती, परतावा किती, घसारा कुठे गेला, यातले काहीच कोर्टाला पाहावे लागले नाही.

मुंबईतल्या महानगर गॅसच्या बिलावरचा दर त्यामुळे कंपनीच ठरवते. तो अवाजवी वाटणाऱ्या ग्राहकाला क्लीव्हलंडसारखी तक्रार घेऊन दरनिश्चितीच्या सुनावणीला उभे राहता येत नाही, कारण तशी सुनावणीच होत नाही. होपच्या पाच ओळींच्या तक्त्यासारखा तक्ता इथे कोणी मांडत नाही आणि तो मांडायला लावायचा तर आधी संसदेला २००६ चा कायदा बदलावा लागेल.